सोन्याचे पाणी आणि पाऱ्याची वाफ

एक ग्रॅम सोन्याची म्हणून विकली जाणारी अंगठी आतून तांब्या-पितळेची असते; वरचे सोन्याचे पाणी विजेने चढवलेले. हे तंत्र कारखान्यात रुळवणारे जॉर्ज एल्किंग्टन १८०१ मध्ये इंग्लंडमधील बर्मिंगहॅमला जन्मले. चौदाव्या वर्षी ते नात्यातल्याच एका मुलाम्याच्या कारखान्यात उमेदवारीला लागले.

त्या काळी पितळेच्या बटणांवर, अंगठ्यांवर सोने चढे ते पाऱ्याच्या मदतीने. सोने पाऱ्यात मिसळून लोण्यासारखा लगदा करायचा, तो वस्तूवर फासायचा आणि वस्तू शेगडीवर धरायची. पारा उडून जाई, सोने घट्ट बसे. मुलामा चांगला टिके. कारागीर मात्र फार दिवस टिकत नसे. पाऱ्याची वाफ फुप्फुसांतून रक्तात आणि तिथून मेंदूत पोहोचते. आधी बोटे थरथरत, मग हिरड्या सुजत, लाळ गळे, दात हलत. माणूस बुजरा, चिडका होई. थरथरत्या हातांच्या कारागिराला दुसरे काम तरी कोण देणार?

एल्किंग्टन आणि त्यांचे चुलतभाऊ हेन्री पाऱ्यावाचूनचा मुलामा शोधत होते. किल्ली सापडली जॉन राइट या बर्मिंगहॅमच्याच शल्यचिकित्सकाला. पोटॅशियम सायनाइडच्या द्रावणातून बॅटरीचा प्रवाह सोडला की सोन्या-चांदीचा एकसारखा, पक्का थर बसतो. एल्किंग्टन यांनी ही कल्पना उचलली आणि १८४० मध्ये पेटंट घेतले. इटलीतील ब्रुन्यातेल्ली या डॉक्टरांनी १८०५ मध्येच विजेने सोने चढवले होते. त्याचा धंदा मात्र झाला नव्हता.

पाऱ्याविना मुलामा शक्य केल्याबद्दल फ्रेंच विज्ञान अकादमीने एल्किंग्टन आणि इतर दोघांना पारितोषिक दिले. ते होते अपायकारक धंदे कमी अपायकारक करणाऱ्यांसाठी! सायनाइडही जहालच, आम्ल मिसळले तर प्राणघातक वायू निघतो. पण पाऱ्यासारखे ते शेगडीवर रोज उडवावे लागत नाही.

१८६५ मध्ये एल्किंग्टन गेले. त्यांच्या कारखान्यात चांदी चढे ती बरेचदा जर्मन सिल्व्हरवर, म्हणजे निकेल असलेल्या मिश्रधातूवर. आजच्या स्वस्त अंगठीतही सोन्याखाली पुष्कळदा निकेलचा थर असतो. वरचा थर झिजला, घाम लागला की निकेल सुटते आणि ॲलर्जी असलेल्याच्या बोटाभोवती खाज, लाल चट्टे, पाणीदार फोड उठतात. अंगठी काढली की पुरळ बसते. ॲलर्जी बहुधा जन्मभर राहते, आणि पुढे जीन्सचे बटणही पुरते.