एडवर्ड मायब्रिज व धांवता घोडा

चित्रकलेच्या तासाला आपण धांवता घोडा काढतों, तेव्हां बहुधा त्याचे पुढील पाय पुढें व मागील पाय मागें ताणलेले दाखवितों. थोर चित्रकारही तसेंच करीत. फ्रेंच चित्रकार जेरिको यांच्या १८२१ मधील एप्समच्या शर्यतीच्या चित्रांत घोडे जणूं हवेंत पोहत आहेत. हा समज ज्यांनीं मोडला ते मायब्रिज ९ एप्रिल १८३० रोजीं इंग्लंडांत टेम्स नदीकांठच्या किंग्स्टन गांवीं जन्मले. तरुणपणीं अमेरिकेस जाऊन त्यांनीं प्रथम पुस्तकें विकलीं, मग योसेमिटी खोऱ्याच्या छायाचित्रांनीं कीर्ति मिळविली. त्यांच्या घरगुती आयुष्यांतील दारुण प्रकरणांत आम्ही येथें शिरत नाहीं.

धांवतांना घोड्याचे चारही पाय एकाच क्षणीं जमिनीपासून सुटतात काय, हा प्रश्न कॅलिफोर्नियाचे धनाढ्य लीलंड स्टॅनफर्ड यांस पडला होता. जून १८७८ मध्यें पालो आल्टो येथें मायब्रिज यांनीं धांवपट्टीच्या कडेला बारा कॅमेरे ओळीनें मांडले व वाटेंत बारीक दोरे ताणले. घोड्याच्या धक्क्यानें दोरा तुटला कीं त्या कॅमेऱ्याची झडप निमिषांत उघडून मिटे. उत्तर आलें तें सर्वांस चकित करणारें होतें: पाय सुटतात खरे, परंतु ताणलेले असतां नव्हे, पोटाखालीं गोळा झालेले असतां!

जन्मभर घोडे रंगविलेले मेसोनिए प्रथम बुचकळ्यांत पडले. पण १८८१ मध्यें त्यांनींच पॅरिसमधील आपल्या घरीं कलावंतांस जमवून मायब्रिज यांचा सत्कार केला. देगा यांनीं त्या छायाचित्रांवरून घोडे रेखाटले. शिल्पकार रोदें मात्र म्हणत कीं, काळ कधीं थांबत नसल्यामुळें थांबलेला घोडा हेंच असत्य होय. आम्हांस या आक्षेपांत तथ्य वाटतें. पोटाखालीं पाय घेतलेला घोडा चित्रांत पुष्कळदां अडखळल्यासारखा दिसतो.

१८८२ मध्यें स्टॅनफर्ड यांनीं या प्रयोगांचें पुस्तक काढविलें. त्याच्या मुखपृष्ठावर मायब्रिज यांचें नांवच नव्हतें! त्यामुळें लंडनच्या रॉयल सोसायटीनें त्यांचा निबंध छापण्याचें रहित केलें. त्यांनीं दावा लावला, तोही हरले. तरी ते खचले नाहींत. फिलाडेल्फियाच्या विद्यापीठाच्या आश्रयानें त्यांनीं माणसांचीं व प्राणिसंग्रहालयांतील हत्ती, सिंह, काकाकुवा इत्यादिकांचीं छायाचित्रें घेतलीं. १८८७ मध्यें त्यांचे ७८१ तक्ते प्रसिद्ध झाले व चित्रकारांच्या कार्यशाळांतून पोहोंचले.

त्यांनीं चित्रें हलवून दाखविणारें एक यंत्रही केलें होतें. गंमत अशी कीं, त्याच्या कांचेच्या तबकड्यांवर छायाचित्रें पाहून हातानें रंगविलेल्या आकृति असत. ८ मे १९०४ रोजीं मायब्रिज किंग्स्टन येथेंच वारले. तें यंत्र व त्या तबकड्या त्यांनीं आपल्या जन्मगांवास ठेविल्या.