कर्जरोख्यामागचा हिशेब पाहणारा न्यायाधीश

कारंजा (लाड) : शेतकरी बंधूंनो, कोर्टाची पायरी चढायची म्हटली की आपल्या पोटात गोळा येतो. त्यात सावकाराचा दावा असला तर विचारूच नका. अंगठा आपला, पण कागद त्याचा! हा कागदच शेवटचा शब्द मानायचा नाही, अशी मुभा एका कायद्याने न्यायाधीशाला दिली होती. तो कायदा गावोगाव फिरून राबवणाऱ्यांत न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे होते. समाजसुधारक म्हणून ते आपल्याला शाळेच्या पुस्तकातून ठाऊक आहेत. आज त्यांच्या नोकरीची गोष्ट बघू.

रानडे यांचा जन्म १८ जानेवारी १८४२ चा, नाशिक जिल्ह्यातल्या निफाडचा. बालपण कोल्हापुरात गेले, शिक्षण मुंबईत झाले. १८६६ मध्ये ते कायद्याची परीक्षा उत्तीर्ण झाले आणि १८७१ मध्ये पुण्याला सबजज्ज म्हणून आले. नोकरी सांभाळून सार्वजनिक सभेच्या कामात ते लक्ष घालत. सरकारला हे खुपले. नाशिकला बदली झाली आणि १८७९ साली, वासुदेव बळवंत फडके यांच्या बंडाच्या दिवसांत, थेट धुळ्याला. तिथे त्यांची पत्रेसुद्धा उघडून पाहिली जात. गडी डगमगला नाही, कामातही कसूर केली नाही.

इकडे खेड्यांत काय चालले होते? मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकरी सावकारांवर उठले. त्यांचा राग मुख्यतः कर्जाच्या कागदांवर होता; खते हिसकून त्यांची होळी केली. हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरले. सरकारने चौकशी नेमली आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा आला. तो सुरुवातीला पुणे, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांपुरता होता.

कायद्यातली खरी गोम अशी, की खतावरचा आकडा पाहून न्यायाधीशाने हुकूमनामा द्यायचा नाही. व्यवहार सुरू झाला तिथपासूनचा हिशेब उलगडायचा. मुद्दल वेगळे, व्याज वेगळे. व्याज मुद्दलात घालून फुगवलेली रक्कम बाजूला काढायची. हप्ते बांधून द्यायचे. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला कैदेत टाकायचे नाही. किरकोळ दाव्यांसाठी गावमुन्सफ आणि दस्त नोंदायला गावातच नोंदणी कामगार, अशीही सोय होती.

१८८१ साली रानडे या कायद्याखाली मदतनीस खास न्यायाधीश झाले आणि पुढे १८८७ मध्ये खास न्यायाधीश. खालच्या कोर्टांचे निवाडे तपासायचे, चुकले असतील तर दुरुस्त करायचे, हे त्यांचे काम. त्यासाठी तालुक्या-तालुक्यात दौरे निघत. पत्नी रमाबाईही बरोबर असत. त्या दौऱ्यांच्या हकिकती त्यांनी पुढे आठवणींत लिहून ठेवल्या.

पण रानडे भाबडे नव्हते. सावकाराला कायद्याने अडवले, तरी पेरणीला पैसा कुठून येणार? नड तर राहतेच. म्हणून शेतकऱ्याला रास्त व्याजाने कर्ज देणाऱ्या पेढ्या हव्यात, असे त्यांनी आग्रहाने मांडले. १८९३ साली ते मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ती झाले. १६ जानेवारी १९०१ रोजी त्यांचे निधन झाले. सहकारी पतपेढ्यांचा कायदा त्यानंतर तीन वर्षांनी, १९०४ मध्ये आला.

आता तुम्ही म्हणाल, आपल्या वऱ्हाडाचा याच्याशी काय संबंध? तो कायदा आपल्याकडे नव्हता, हे खरे. पण त्याच काळात, १८८६ साली, आपल्या कारंज्याचा कापूस बाजार नियमाखाली आला. देशातला असा पहिलाच बाजार म्हणून त्याचे नाव घेतात. तिकडे कर्जाचा हिशेब, इकडे मापाचा आणि भावाचा. दोन्हीकडे मुद्दा एकच, व्यवहार उघड्यावर यावा.

म्हणून दोन गोष्टी ध्यानात ठेवा. पैसे फेडले की पावती घ्या, कोऱ्या कागदावर अंगठा देऊ नका. आणि बेकायदा सावकारीत कोणाची जमीन गेली असेल, तर २०१४ च्या सावकारी नियमन कायद्याखाली सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करता येतो. खरेदीखत झाले असले तरी त्यामागचा व्यवहार तपासून जमीन परत देण्याचा अधिकार त्यांना आहे. तलाठी, ग्रामसेवक मंडळींनी एवढे जरी गावात समजावून सांगितले, तरी रानड्यांचे काम पुढे गेले म्हणायचे.