संगीतकार कै. सी. रामचंद्र

राष्ट्रीय सणांच्या दिवशी आपल्याकडे शाळाशाळांतून ‘ऐ मेरे वतन के लोगो’ हे गीत ऐकू येते. ते कवी प्रदीप यांनी लिहिले व लता मंगेशकर यांनी गायिले, हे बहुतेक विद्यार्थ्यांना ठाऊक असते. चाल बांधणाऱ्याचे नाव विचारले, तर मात्र वर्ग गप्प बसतो. ते नाव सी. रामचंद्र. ज्यांच्या या चालीने ऐकणाऱ्याचे डोळे भरून येतात, त्याच गृहस्थांनी एके काळी साऱ्या देशाला ताल धरून नाचावयास लावले होते. या दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या हातून कशा घडल्या, हे समजावे म्हणून त्यांचे चरित्र आम्ही येथे थोडक्यात देत आहोत.

रामचंद्र नरहर चितळकर यांचा जन्म १२ जानेवारी १९१८ रोजी त्या वेळच्या अहमदनगर जिल्ह्यातील पुणतांबे या गावी झाला. पुण्याच्या गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धन यांच्यापाशी त्यांनी गायनाचे धडे घेतले. पुढे नट होण्याच्या उमेदीने ते चित्रपटसृष्टीत शिरले. १९३५ च्या ‘नागानंद’ या चित्रपटात त्यांना नायकाची भूमिकाही मिळाली. परंतु नट म्हणून त्यांचे नाव झाले नाही. दुसरा एखादा निराश होऊन घरी परतला असता. त्यांनी चित्रपटसंस्थेत राहून हार्मोनियमची साथ पत्करली आणि चाल कशी बांधतात, वाद्यमेळ कसा जमवितात, हे जवळून पाहिले. संगीतदिग्दर्शक म्हणून त्यांना आरंभीची कामे मिळाली ती तमिळ चित्रपटांत. मराठी घरात वाढलेल्या या तरुणाने परभाषेतील शब्दांना चाली लावून आपल्या धंद्याचा श्रीगणेशा केला, ही गोष्ट आपल्यासारख्या सीमेवरच्या लोकांनी ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

त्या सुमारास अमेरिकेत ‘स्विंग’ नावाच्या नृत्यसंगीताला भरती आली होती. १९३५ ते १९४५ हा त्याचा ऐन बहराचा काळ. पंधरा-सोळा वादकांचा ताफा असे. एकीकडे सॅक्सोफोन, दुसरीकडे ट्रंपेट व ट्रॉम्बोन, आणि मागे पियानो, गिटार, मोठा बास व ड्रम. पितळी वाद्यांनी एक तुकडा वाजवावा आणि सॅक्सोफोनांनी त्याला उत्तर द्यावे. आपल्या भजनात बुवांनी ओळ म्हटली की टाळकरी ती उचलून धरतात, तशातलाच हा प्रकार. ठेका असा झुलता, की ऐकणाऱ्याचे पाऊल नकळत हलू लागे. बेनी गुडमन व ग्लेन मिलर हे अशा ताफ्यांचे नामांकित नायक. त्या काळच्या तबकडीच्या एका बाजूस जेमतेम तीन मिनिटांचे गाणे मावे. म्हणून अनेक तबकड्या पाकिटे बांधलेल्या जाड पुठ्ठ्याच्या वहीत घालून एकत्र विकीत. त्या वहीला ‘अल्बम’ म्हणत, आणि गाण्यांच्या संग्रहाला ते नाव तेव्हापासून चिकटले. ग्लेन मिलर यांच्या लोकप्रिय नृत्यध्वनिमुद्रिकांचा असा एक संग्रह १९४५ साली निघाला. परंतु तो पाहावयास ते राहिले नव्हते. १५ डिसेंबर १९४४ रोजी त्यांचे विमान इंग्लिश खाडीवर नाहीसे झाले होते.

हे संगीत मुंबईच्या मोठ्या हॉटेलांतूनही वाजत असे. तेथे परदेशी वादकांच्या जोडीला गोव्याचे वादक होते. आमच्या घरची बोली कोकणी असल्यामुळे त्यांच्याविषयी लिहिताना आम्हांला थोडा अभिमान वाटला, तर वाचकांनी तो गोड मानून घ्यावा. गोव्यातील चर्चच्या शाळांतून मुलांना लहानपणीच पाश्चात्त्य स्वरलेखन शिकवीत. म्हणून कागदावर लिहिलेले संगीत पाहताक्षणी वाजविणे हा त्यांच्या हातचा मळ असे. बार्देशातील हळदोणे गावचे आंतोनियो झेवियर वाझ हे त्यांपैकीच एक. ‘चिक चॉकलेट’ या नावाने ते प्रसिद्धीस आले आणि त्यांचा ट्रंपेट ऐकून लोक त्यांना हिंदुस्थानचे लुई आर्मस्ट्राँग म्हणू लागले. सी. रामचंद्र यांनी त्यांना आपले साहाय्यक केले. आपल्या संगीतात सुरांची एकच धार वाहते. पाश्चात्त्य संगीतात अनेक स्वर एकाच वेळी निरनिराळ्या वाद्यांतून निघून एकमेकांत मिसळतात. रामचंद्रांनी चाल रचावी आणि वाद्यमेळाची जाण असलेल्या अशा साथीदारांनी तिला पाश्चात्त्य वाद्यांचा साज चढवावा, असा हा सहकार होता.

त्याचे फळ लौकरच दिसले. १९४७ च्या ‘शहनाई’ चित्रपटातील रविवारच्या भेटीचे खेळकर गाणे घरोघर पोहोचले. १९४९ च्या ‘पतंगा’ मध्ये रंगूनहून टेलिफोनवर बोलणाऱ्या पतिपत्नींचे गाणे शमशाद बेगम यांच्यासह त्यांनी स्वतः गायिले. गायक म्हणून ते ‘चितळकर’ हे आडनाव लावीत. १९५१ साली त्यांचे मित्र भगवान यांचा ‘अलबेला’ आला, आणि त्यातील नृत्यगीतांनी कळस गाठला.

त्या वेळी तबकडीवर गायकाचे व संगीतकाराचे नाव छापीत. वादकांची नावे तेथे नसत. ज्याच्या फुंकीने गाणे उभे राहिले, तो श्रोत्यांना अनोळखीच राही. ‘अलबेला’ मध्ये मात्र चिक चॉकलेट आपल्या वादकांसह पडद्यावर वाजविताना दिसतात. पडद्याआडचा माणूस लोकांच्या डोळ्यांसमोर आला, ही गोष्ट आम्हांला त्या चित्रपटाच्या यशाहूनही मोलाची वाटते.

असले संगीत सर्वांना रुचले असे नाही. चित्रपटगीते उथळ आहेत, त्यांत परक्यांचे अनुकरण आहे, असा आक्षेप घेण्यात येई. १९५२ च्या सुमारास आकाशवाणीवरून ती जवळजवळ हद्दपार झाली. लोक ती रेडिओ सिलोनवर ऐकू लागले, आणि १९५७ साली ‘विविध भारती’ सुरू झाल्यावर ती पुन्हा घरी परतली. रामचंद्रांनी या आक्षेपाला आपल्या कामानेच उत्तर दिले, असे आम्हांस वाटते. १९५३ च्या ‘अनारकली’ मधील त्यांच्या चाली रागदारीचा मुलायमपणा घेऊन आल्या. १९५७ च्या ‘आशा’ मध्ये त्यांनी पुन्हा पाश्चात्त्य ठेक्याची धमाल उडविली, आणि १९५९ साली व्ही. शांताराम यांच्या ‘नवरंग’ ला अस्सल देशी बाजाचे संगीत दिले. १९६२ च्या चीन युद्धानंतर, जानेवारी १९६३ मध्ये, दिल्लीत पंतप्रधान नेहरूंच्या उपस्थितीत प्रदीपांचे ते गीत प्रथम गायिले गेले. तेथे पाय थिरकविणारा ठेका नाही. शोक आवरून धरणारी संथ, सरळ चाल आहे. ज्याला नाचविता येते त्याला रडविताही येते, एवढेच नव्हे, तर कोठे थांबावे हेही कळते.

पुढे चित्रपटांतील कामे कमी झाली, तरी ते स्वस्थ बसले नाहीत. १९६६ साली ‘धनंजय’ या मराठी चित्रपटात त्यांनी नायकाचे काम केले व संगीतही दिले. ग. दि. माडगूळकरांच्या ‘गीतगोपाल’ ला त्यांनी चाली लावल्या. १९७७ साली ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. ५ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. चिक चॉकलेट त्यांच्या आधीच, १९६७ साली, निवर्तले होते.

विद्यार्थिमित्रांनो, आपल्या आदिलाबाद जिल्ह्यात तेलुगू, मराठी, उर्दू आणि गोंडी या भाषा एकाच बाजारात कानांवर पडतात. दिवाळीच्या सुमारास गोंड बांधव मोरपिसांचे मुकुट घालून गुसाडी नाचतात, तेव्हा त्या वाद्यांचा ठेका समजावयास कोणाला भाषांतर लागत नाही. अशा मुलखात राहणाऱ्याने दुसऱ्याचे चांगले ते निःशंकपणे घ्यावे. मात्र घेण्यापूर्वी आपले पक्के शिकावे, आणि घेतल्यावर देणाऱ्याचे नाव विसरू नये. पुढच्या वेळी एखादे जुने गाणे ऐकाल, तेव्हा गायकाच्या आवाजामागे वाजणारा ट्रंपेटही क्षणभर कान देऊन ऐका.