खंड सरकतात हे सांगणारा आल्फ्रेड वेगेनर

अजिंठा गावाहून फर्दापूरकडे घाट उतरू लागले की काळ्या दगडाचे आडवे थर एकावर एक रचलेले दिसतात. वाघोरा नदीच्या वळणावर ज्या कड्यात लेणी कोरली आहेत, तो कडाही याच दगडाचा. लेणी कोणी कोरली, हे आपली मुले सांगतात. पण हा दगड येथे आला कोठून, असे विचारणारा विद्यार्थी क्वचितच भेटतो. सुमारे सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वी भूमीला पडलेल्या भेगांतून लाव्हा वर आला, पसरला, थिजला आणि त्यावर पुन्हा नवा थर आला. आजही पाच लाख चौरस किलोमीटरच्या आसपास प्रदेश या दगडाने व्यापलेला आहे. लेण्यांच्या पायथ्याशी जे चमकदार स्फटिक विकायला मांडलेले असतात, ते त्याच लाव्ह्यात वायूच्या बुडबुड्यांनी सोडलेल्या पोकळ्यांत पुढे तयार झाले.

आश्चर्याची गोष्ट पुढेच आहे. हा लाव्हा थिजला तेव्हा अजिंठ्याची भूमी आज आहे तेथे नव्हती. ती विषुववृत्ताच्या दक्षिणेला होती. जमीन अशी हजारो किलोमीटर सरकू शकते, हे सविस्तर पुराव्यांसह जगापुढे मांडणारा माणूस भूगर्भशास्त्रज्ञ नव्हता. तो हवामानाचा अभ्यासक होता. आल्फ्रेड वेगेनर त्याचे नाव.

वेगेनरचा जन्म १ नोव्हेंबर १८८० रोजी जर्मनीत बर्लिन येथे झाला. वडील धर्मोपदेशक होते आणि शाळेत प्राचीन भाषा शिकवीत. पाच भावंडांत आल्फ्रेड सर्वांत धाकटा. १९०५ साली त्याने खगोलशास्त्रात डॉक्टरेट मिळविली. परंतु दुर्बिणीपाशी बसून राहणे त्याच्या स्वभावात नव्हते. तो हवामानशास्त्राकडे वळला. १९०६ च्या एप्रिलमध्ये त्याने व त्याचा भाऊ कुर्ट याने बलूनमधून सलग ५२ तासांहून अधिक काळ उड्डाण करून त्या काळचा जागतिक उच्चांक केला. त्याच वर्षी तो डेन्मार्कच्या मोहिमेबरोबर ग्रीनलंडला गेला. त्या मोहिमेचा प्रमुख आणि त्याचे दोन सोबती बर्फात मरण पावले. तरीही वेगेनरची ओढ कमी झाली नाही. आयुष्यात चार वेळा तो त्या बर्फाच्या बेटावर गेला.

परत आल्यावर तो मारबुर्ग विद्यापीठात शिकवू लागला. १९१० च्या अखेरीस एक नवा नकाशासंग्रह पाहताना दक्षिण अमेरिकेचा पूर्व किनारा आणि आफ्रिकेचा पश्चिम किनारा एकमेकांत बसतात, हे त्याच्या नजरेत भरले. विद्यार्थ्यांनी नकाशा समोर घेऊन हे स्वतः पाहावे. ही गोष्ट त्याच्या आधीही काहींनी पाहिली होती, आणि खुद्द वेगेनरने प्रथम तो विचार बाजूला सारला. पण पुढच्या वर्षी ग्रंथालयात त्याच्या हाती एक लेख पडला. अटलांटिक महासागराच्या दोन्ही काठांवर सारख्याच प्राण्यांचे आणि वनस्पतींचे जीवाश्म सापडतात, असे त्यात दाखविले होते. पूर्वी दोन्ही खंडांना जोडणारे जमिनीचे पूल होते आणि ते समुद्रात बुडाले, अशी त्या वेळची समजूत होती. वेगेनरला हे पटेना. खंडांचा खडक सागरतळाच्या खडकापेक्षा हलका असतो. हलकी वस्तू जड वस्तूत बुडणार कशी? पूल बुडाले नसतील तर खंडच दूर गेले असले पाहिजेत. ६ जानेवारी १९१२ रोजी फ्रँकफुर्ट येथे भूशास्त्रज्ञांच्या सभेत त्याने हा विचार मांडला. तेव्हा त्याचे वय ३१ होते.

त्याने गोळा केलेल्या पुराव्यांत आपल्या देशाचा वाटा मोठा आहे. ग्लॉसोप्टेरिस नावाच्या लुप्त वनस्पतीची जिभेच्या आकाराची पाने आपल्या मध्य भारतातील कोळशाच्या थरांबरोबर सापडतात. तीच पाने दक्षिण आफ्रिकेत, ऑस्ट्रेलियात, दक्षिण अमेरिकेत आणि अंटार्क्टिकातही सापडतात. चंद्रपूरकडे इरई येथे प्राचीन हिमनद्यांनी घासून खाचा पाडलेला खडक १८७० च्या दशकातच भूशास्त्रज्ञांना आढळला होता. ज्या चंद्रपूरच्या उन्हाळ्याचे आकडे दरवर्षी वर्तमानपत्रांत छापून येतात, तेथे एके काळी बर्फ होते! वेगेनरने हे सर्व प्रदेश दक्षिण ध्रुवाभोवती एकत्र ठेवून पाहिले आणि कोडे सुटले. या जुन्या दक्षिण खंडाला गोंडवन हे नाव आपल्याच गोंडांच्या भूमीवरून पडले आहे. जगातल्या प्रत्येक भूगोलाच्या पुस्तकात ते छापलेले असते, ही गोष्ट मुलांना आवर्जून सांगावी. आपल्या अनेक घरांत उर्दू शाळेत शिकलेली भावंडे खंडाला ‘बर्र-ए-आझम’, म्हणजे महान भूमी म्हणतात. अशी महान भूमी होडीसारखी चालते, हे कोणाला एकदम पटावे?

पटले नाहीच. १९१३ साली वेगेनरचा विवाह झाला. पत्नी एल्से ही प्रसिद्ध हवामानशास्त्रज्ञ व्लादिमिर कोपेन यांची कन्या. दुसऱ्याच वर्षी महायुद्ध सुरू झाले. आघाडीवर तो दोनदा जखमी झाला आणि त्या सक्तीच्या विश्रांतीत त्याने खंड व महासागर यांच्या उत्पत्तीवरील आपले पुस्तक लिहिले. ते १९१५ साली निघाले. १९२०, १९२२ आणि १९२९ साली सुधारलेल्या आवृत्त्या आल्या. तिसऱ्या आवृत्तीचे इंग्रजीसह इतर भाषांत अनुवाद झाले आणि टीकेचा भडिमार सुरू झाला. १९२६ साली न्यूयॉर्कला या विषयावर खास परिषद भरली. तेथेही बहुतेकांचे मत विरुद्ध पडले. हवामानाच्या माणसाने खडकांविषयी बोलावे, हेच अनेकांना खटकत होते. जर्मनीत त्याला पूर्ण प्राध्यापकपद मिळाले नाही. ते १९२४ साली ऑस्ट्रियातील ग्रात्स विद्यापीठाने दिले.

येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. विरोध करणारे सारेच हट्टी किंवा मत्सरी नव्हते. एवढे अवाढव्य खंड कोणती शक्ती ढकलते, हा त्यांचा प्रश्न रास्त होता आणि वेगेनरचे उत्तर चुकीचे होते. पृथ्वीच्या फिरण्यामुळे आणि चंद्र-सूर्याच्या ओढीमुळे हे घडते, असे तो म्हणे. त्या शक्ती फारच क्षीण आहेत, हे हॅरल्ड जेफ्रीज या गणितज्ञाने दाखवून दिले. ग्रीनलंड सरकण्याचा वेगही वेगेनरने अनेक पटींनी जास्त धरला होता. भारताविषयी बोलायचे तर आपली भूमी एका लांब पट्ट्याने आशियाला जोडलेलीच होती आणि तो पट्टा चुरगळून हिमालय झाला, अशी त्याची कल्पना होती. ती टिकली नाही. टिकले ते मूळ विधान: खंड सरकतात. कारण सापडले नाही म्हणून पुरावा खोटा ठरत नाही, एवढे त्याच्या बाजूने म्हणता येते. पृथ्वीच्या पोटातील उष्णतेने आतला खडक अतिशय संथपणे वर-खाली फिरत असावा, असा मार्ग आर्थर होम्स या इंग्रज शास्त्रज्ञाने वेगेनरच्या हयातीतच सुचविला होता. त्याकडेही फार जणांनी लक्ष दिले नाही.

१९३० साली वेगेनर शेवटच्या मोहिमेवर निघाला. ग्रीनलंडच्या मध्यभागी, पश्चिम किनाऱ्यापासून ४०० किलोमीटर आत त्याच्या सहकाऱ्यांनी हवामानाचे ठाणे उभारले होते. तेथे हिवाळ्यापुरते सामान पोहोचले नव्हते. २१ सप्टेंबरला तो कुत्र्यांच्या घसरगाड्या घेऊन निघाला. वाटेत थंडीला कंटाळून बहुतेक ग्रीनलंडी सोबती परत फिरले. उणे पन्नास अंशांच्या थंडीत चाळीस दिवस चालून ३० ऑक्टोबरला तो पोहोचला, तेव्हा बरोबर दोघेच उरले होते: फ्रिट्स ल्योवे आणि रासमुस व्हिलुमसेन हा तरुण ग्रीनलंडवासी. ल्योवेची पायाची बोटे गोठून सडली होती. ती ठाण्यावरच चाकूने कापावी लागली. पाच माणसांना पुरेल इतके अन्न तेथे नव्हते. म्हणून १ नोव्हेंबर रोजी, आपल्या पन्नासाव्या वाढदिवशी, वेगेनर व्हिलुमसेनला घेऊन परत निघाला. दोघेही किनाऱ्यावर पोहोचले नाहीत. पुढच्या वर्षी मे महिन्यात वाटेत उभ्या रोवलेल्या बर्फपट्ट्यांखाली वेगेनरचा देह सापडला. व्हिलुमसेनने तो नीट गुंडाळून पुरला होता. अतिश्रमाने हृदय बंद पडले असावे, असे मानतात. व्हिलुमसेनचा मात्र कधीच पत्ता लागला नाही. वेगेनरच्या चरित्रांत त्याला दोन ओळींपलीकडे जागा मिळत नाही, हे मनाला लागते.

त्यानंतर वीस वर्षे हा विषय जवळजवळ अडगळीत पडला. तो बाहेर आला त्यात आपल्या काळ्या दगडाचा हात आहे. लाव्हा थिजताना त्यातील लोहकण त्या ठिकाणच्या चुंबकीय दिशेप्रमाणे स्थिर होतात आणि ती खूण कायम राहते. ही दिशा किती कललेली आहे यावरून तो दगड कोणत्या अक्षांशावर थिजला ते कळते. १९५० च्या दशकात लंडनच्या इम्पीरियल कॉलेजच्या आणि मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या संशोधकांनी दख्खनच्या दगडांतील ही खूण मोजली. दगड दक्षिण गोलार्धात थिजल्याचे निघाले. तेव्हापासून आपली भूमी सुमारे पाच हजार किलोमीटर उत्तरेला आली आहे. सरासरी काढली तर वर्षाला सात-आठ सेंटीमीटर. पुढे १९६० च्या दशकात सागरतळ मध्यभागी फाटून रुंदावत असल्याचे दिसले आणि भूपट्टांचे शास्त्र उभे राहिले. कवचाचे मोठे तुकडे, त्यांवर स्वार झालेले खंड व सागरतळ यांसह, हळूहळू सरकतात, हे आता उपग्रहांच्या साहाय्याने दरवर्षी मोजले जाते.

भारताचा तुकडा साधारण पाच कोटी वर्षांपूर्वी आशियाला भिडला. हिमालय त्याच रेट्याने उचलला गेला आणि रेटा अजून थांबलेला नाही. त्याचा ताण हिमालयापासून दूर, आपल्या पठाराच्या पोटातही साठतो. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, गणेश विसर्जनाच्या रात्रीनंतर, किल्लारी आणि आसपासची गावे झोपेत गाडली गेली. ज्या मराठवाड्याला आपण स्थिर, भूकंपापासून निर्धास्त समजत होतो, तेथे हजारो माणसे गेली. अशा साठलेल्या ताणातूनच तो भूकंप झाला, असे शास्त्रज्ञ मानतात. दगडमातीच्या जाड, बांधणी नसलेल्या भिंतींनी बहुतेकांचे बळी घेतले. घर बांधताना पालकांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

वेगेनरला तीन मुली होत्या. त्यांतील लोट्टे हिचा पती, गिर्यारोहक हाइनरिख हारर, १९३९ साली हिमालयाच्या मोहिमेहून परतताना युद्धकैदी झाला आणि त्याला आणले ते अहमदनगरच्या छावणीत. सासऱ्याच्या सिद्धान्ताची साक्ष देणाऱ्या त्याच काळ्या दगडावर जावयाने कैदेतले दिवस काढले, हा योगायोगच!

वेगेनरचा देह ग्रीनलंडमध्येच ठेवला गेला. त्यावर साचत गेलेल्या बर्फात ती जागा केव्हाच गडप झाली. एल्से मात्र दीर्घायुषी ठरली. ज्या विचारापायी पतीची टर उडविली गेली, तो शाळेच्या पुस्तकांत आलेला तिने पाहिला. १९९२ साली, वयाची शंभर वर्षे पूर्ण करून ती वारली.