इंग्लंडातला वाटसरू : जॉन बन्यन

आपल्या दिंडीच्या शंभर वर्षांच्या या स्मरणिकेत संतांची चरित्रं आहेत, जुन्या वीणेकऱ्यांच्या आणि चोपदारांच्या आठवणी आहेत. त्यांच्या पंगतीला एक चरित्र परमुलखातलं, परधर्मातलं आम्ही मुद्दाम बसवलं आहे. कारण एवढंच की देवाकडे जाणं म्हणजे पायी वाट चालणं, हे या माणसानं आपल्या लोकांना गोष्टीतून सांगितलं. त्याचं नाव जॉन बन्यन. जन्म १६२८ चा. आपल्या संत बहिणाबाईंचं जन्मसालही तेच, आणि तेव्हा देहूला तुकोबाराय ऐन विशीत होते.

गाव एल्स्टो, बेडफर्ड शहराच्या जवळचं. बाप फुटक्या भांड्यांना डाख देऊन पोट भरणारा. पोरगाही तेच काम शिकला. शाळा झाली ती लिहिण्यावाचण्यापुरती. १६४४ साली आई गेली, महिन्याभरात बहीण गेली, आणि बापानं लगोलग पुन्हा लग्न केलं. देशात राजा आणि पार्लमेंट यांची लढाई पेटलेली. सोळा वर्षांचा हा पोरगा पार्लमेंटच्या फौजेत गेला. एकदा वेढ्याच्या कामावर याची पाळी होती, ऐनवेळी दुसरा गडी याच्या जागी गेला आणि पहाऱ्यावर असताना डोक्यात गोळी लागून मेला. ही गोष्ट बन्यन कधी विसरला नाही.

फौजेतून परत आल्यावर लग्न झालं. पहिल्या बायकोचं नाव कुठल्या कागदात सापडत नाही. घरात धड एक थाळी नाही की चमचा नाही, असा तो संसार. पण तिनं माहेराहून बापाची दोन धार्मिक पुस्तकं आणली होती, ती दोघं मिळून वाचायची. पहिली मुलगी झाली मेरी. ती आंधळी होती.

तरुणपणी बन्यनच्या तोंडात शिव्या फार. एका रविवारी, म्हणजे त्यांच्या उपासनेच्या दिवशी, आपल्या विटीदांडूसारखा खेळ चालला होता. विटीला टोला द्यायला हात उचलला आणि आतून कोणीतरी विचारल्यासारखं झालं, की हे पाप धरून ठेवणार की सोडणार. त्या दिवशी खेळ त्यानं पुरा केला, पण टोचणी राहिली. पुढे खेळ सुटला, शिव्या सुटल्या. देवळाची घंटा वाजवायची आवड होती, तीही सोडली, तरी उभं राहून बघायची हौस जाईना. मग घंटा अंगावर पडेल अशी भीती, मग मनोराच कोसळेल अशी भीती. आपल्यावर देवाची कृपा होणारच नाही, या धास्तीत त्यानं कित्येक वर्षं काढली.

एकदा कामाच्या निमित्तानं बेडफर्डात फिरताना तीन-चार गरीब बायका दारात उन्हाला बसून देवाच्या गोष्टी करत होत्या. बोलण्यात पांडित्य नव्हतं, आनंद होता. हा जवळ जाऊन ऐकत राहिला. धर्मावर आपण बडबड पुष्कळ करतो, पण या बायकांना जे गवसलंय ते आपल्यापाशी नाही, हे त्याला तिथं कळलं. त्यांच्याच सत्संग मंडळीत तो गेला आणि हळूहळू स्वतः बोलू लागला. डाख देणाऱ्याचं प्रवचन ऐकायला गावोगावची माणसं जमू लागली.

इथं खरी परीक्षा आली. १६६० साली राजा परत गादीवर बसला. सरकारी धर्मपीठाच्या परवानगीशिवाय सभा भरवून उपदेश करायचा नाही, असा जुना कायदा होता, तो पुन्हा उगारला गेला. नोव्हेंबरात एका शेतघरी सभा ठरली होती. पकडायला माणसं येणार ही खबर आधीच लागली, पळून जाता आलं असतं. पण आपण पळालो तर नव्यानं या वाटेला लागलेली गरीब माणसं कच खातील, असा विचार करून तो थांबला. पकडला गेला.

शिक्षा तशी तीनच महिन्यांची. पण पुढं अट होती : उपदेश बंद करायचा, नाहीतर देशाबाहेर जायचं. हद्दपारी कोणी केली नाही, पण तुरुंगातले तीन महिने बारा वर्षांवर गेले. माउली, यातली मेख अशी की किल्ली त्याच्याच हातात होती. यापुढे बोलणार नाही, एवढं कबूल केलं असतं तर बहुधा दार उघडलं असतं.

आणि बाहेर काय होतं? पहिली बायको वारलेली, तिची चार लेकरं, त्यात एक आंधळं. दुसरी बायको एलिझाबेथ वयानं लहान, गरोदर. अटकेच्या धक्क्यानं ती अवेळी बाळंत झाली, मूल गेलं. तरी ती उठली. नवऱ्याच्या सुटकेचा अर्ज घेऊन लंडनला गेली, पुढच्या उन्हाळ्यात बेडफर्डला न्यायाधीशांसमोर उभी राहिली. मॅथ्यू हेल नावाच्या न्यायाधीशाला दया आली, पण सुटका झाली नाही. बन्यन तुरुंगात बसून नाड्यांच्या टोकांना धातूच्या टोप्या बसवायचा आणि त्या विकून घरी पैसे धाडायचा. लेकरांपासून तुटणं म्हणजे हाडापासून मांस ओढून काढल्यासारखं त्याला वाटे. सगळ्यात जास्त तो झुरला आंधळ्या मेरीसाठी.

त्यानं बरोबर केलं का? आम्ही यावर निवाडा देत नाही. तुकोबारायांच्या घरी आवलीनं काय सोसलं ते आपण जाणतोच. देवासाठी एकानं उचललेलं ओझं घरच्या सगळ्यांच्या खांद्यावर येतं, आणि हा हिशेब बन्यनच्या मनातही मिटला नसावा.

१६७२ साली तो सुटला. नंतर पुन्हा सहा महिने आत गेला. १६७८ साली त्याचं 'पिलग्रिम्स प्रोग्रेस' हे पुस्तक लंडनला छापलं गेलं. बरंचसं तुरुंगातच लिहिलं असं अभ्यासक मानतात. त्यात पाठीवर ओझं असलेला एक माणूस नाशाचं नगर सोडून देवाच्या नगरीकडे निघतो. बायकापोरं येत नाहीत, अडवतात. तो कानात बोटं घालून पळत सुटतो. वाटेत चिखलाची दलदल, पोकळ दिमाखाचा बाजार, निराशा नावाच्या राक्षसाचा तुरुंग. शेवटी बिनपुलाची नदी, आणि पलीकडे नगरी.

पण बन्यन तिथं थांबला नाही. सहा वर्षांनी, १६८४ साली, त्यानं दुसरा भाग काढला. त्यात मागं राहिलेली बायको आपली पोरं आणि शेजारची एक मुलगी घेऊन त्याच वाटेनं निघते. त्यांना थोर मनाचा एक वाटाड्या मिळतो. पुढं एकेक जण येऊन मिळतो : एक प्रामाणिक म्हातारा, एक कुबड्यांवर चालणारा, एक दुबळ्या मनाचा, एक खचलेला बाप आणि त्याची भित्री मुलगी. दुबळा म्हणतो, मला तुमच्या चालीनं चालवणार नाही. वाटाड्या सांगतो की तुझ्यासाठी आम्ही थांबू. लंगडा त्याला आपली एक कुबडी देऊ करतो. निराशेच्या राक्षसाचा वाडा पडतो तेव्हा बायका वाद्यं वाजवतात आणि तोच लंगडा, एका हातात कुबडी धरून, त्या भित्र्या मुलीबरोबर नाचतो.

वाचक हो, ही दिंडीच नव्हे तर काय! पहिल्या भागात एकटा धावत सुटलेला वाटसरू, दुसऱ्यात सगळ्यांना घेऊन चाललेला मेळा. एलिझाबेथचं आणि पोरांचं देणं त्यानं असं फेडलं असावं, असं आम्हाला वाटतं.

त्याचं मरणही वाटेवरच आलं. १६८८ च्या ऑगस्टात रुसलेल्या बापलेकात समेट घडवून तो घोड्यावरून लंडनकडे निघाला, मुसळधार पावसात भिजला, तापानं आजारी पडला आणि ३१ तारखेला गेला. लंडनच्या बनहिल फील्ड्समध्ये त्याची समाधी आहे. त्याचं पुस्तक दोनशेवर भाषांत गेलं. मराठीत ते हरी केशवजींनी १८४१ साली 'यात्रिकक्रमण' या नावानं आणलं.

त्याचा धर्म वेगळा, देवाचं नाव वेगळं, आणि त्याची मतंही सगळी आपल्याला पटणारी नाहीत. पण शंभर वर्षं चाललेल्या आपल्या दिंडीनं त्याच्याकडून एक गोष्ट पुन्हा ऐकावी. पुढच्या पताकेला पंढरीची घाई असतेच. पण ज्याच्या पायाला फोड आले आहेत, ज्याला दम लागला आहे, तो मागे राहिला तर आपण पोचलो असं म्हणता येणार नाही. या वर्षी वाटेवर मागं वळून बघत चालू या.

रामकृष्णहरी!