भास्कराचार्य आणि वर्गमुळाचे गणित



परीक्षा जवळ आल्या की बेडोकमधल्या आमच्या घरांत संध्याकाळी एकच विषय असतो, ए-मॅथ्स! परवा मुलांनी वर्गमूळ असलेले एक समीकरण आणले. दोन्ही बाजूंचा वर्ग केला, उत्तरे दोन आली, ताळा मात्र एकाचाच जुळला. दुसरे बाद का, हे मराठीत समजावताना आम्हा इंजिनिअर मंडळींची तारांबळ उडाली. मुलांना 'वर्गमूळ' हा शब्दच नवा! शेवटी भास्कराचार्य मदतीला आले.

त्यांचा जन्म शके १०३६, म्हणजे इ.स. १११४ चा. गाव सह्याद्रीलगतचे विज्जडवीड. वडील महेश्वर हेच त्यांचे गुरू. ११५० मध्ये, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' हा ग्रंथ पूर्ण केला. 'लीलावती' हा त्याचाच एक भाग.

त्यात अर्जुनाच्या बाणांचे गणित आहे. अर्जुनाने निम्म्या बाणांनी कर्णाचे बाण अडवले. एकूण बाणांच्या वर्गमुळाच्या चौपट बाणांनी घोडे मारले. सहा शल्यासाठी, तीन छत्र, ध्वज आणि धनुष्यासाठी, आणि शेवटचा एक कर्णाच्या शिरासाठी. तर एकूण बाण किती?

निम्मे बाण म्हणजे वर्गमुळाची चौपट अधिक १०. म्हणून सगळे बाण म्हणजे वर्गमुळाची आठपट अधिक २०. आता आचार्यांची रीत पाहा: आठाचे निम्मे ४, त्याचा वर्ग १६, त्यात २० मिळवून ३६. त्याचे मूळ ६, अधिक ४ म्हणजे १०. दहाचा वर्ग १००. झाले उत्तर!

आजच्या रीतीने वर्गमूळ १० किंवा उणे २ येते, म्हणजे बाण १०० किंवा ४. पण एकट्या शल्यालाच सहा बाण लागले, मग चार कसे पुरतील? मुले खुदकन हसली आणि मुद्दा कायमचा समजला. प्रश्नाशी न जुळणारे उत्तर सोडून द्यावे, हे आचार्यांनी 'बीजगणिता'तही दाखवले आहे.

११८३ मध्ये, एकोणसत्तराव्या वर्षी, त्यांनी 'करणकुतूहल' लिहिला. त्यांचा मुलगा लक्ष्मीधर यादवांच्या दरबारी पंडित होता, तर नातू चांगदेव सिंघण राजाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून चांगदेवाने चाळीसगावजवळच्या पाटण येथे मठ काढला. शके ११२८ च्या तिथल्या शिलालेखात मठाला मिळालेल्या दानाचा तपशील चक्क त्या काळच्या मराठीत कोरलेला आहे. तेलाच्या प्रत्येक घाण्यामागे मठाला पळीभर तेल मिळत असे.

आम्हाला हेच फार भावले. एवढे मोठे गणित पुढच्या पिढीकडे गेले ते गावाच्या पळीपळी तेलावर. आपल्याकडे घाणे नाहीत, पण आठवड्यातली एक संध्याकाळ तर आहे. तेवढी मुलांना मराठीतून गणित सांगण्यासाठी द्यायला काय हरकत आहे?