तारामतीचं धाडस

मागच्या महिन्यात आमच्या बचत गटाच्या बैठकीत एक सून गप्प गप्प होती. नवऱ्याचं काम सुटलेलं, घरात दोन लहान मुलं. हिच्या हाताला चांगली चव. डबे द्यायचे म्हणते, पण सासूबाईंचं एकच, चांगल्या घरच्या बायका असं दारोदार अन्न विकत नाहीत, लोक काय म्हणतील! त्या रात्री मला दुर्गाबाई खोट्यांची आठवण झाली. कपाटातलं ‘मी, दुर्गा खोटे’ हे त्यांचं आत्मचरित्र काढून पुन्हा वाचायला बसले.

मैत्रिणींनो, आपल्यापैकी बऱ्याच जणींना दुर्गाबाई ठाऊक आहेत त्या ‘मुघल-ए-आझम’मधल्या जोधाबाई म्हणून, नाहीतर ‘बॉबी’तली प्रेमळ आजी म्हणून. पण या आजीनं तरुणपणी केवढं धाडस केलं होतं, ते ऐकण्यासारखं आहे.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ चा, मुंबईतला. माहेर लाडांचं, सुशिक्षित आणि खाऊनपिऊन सुखी. कॅथेड्रल शाळा, मग सेंट झेवियर्स कॉलेज. त्या काळात मुलीला एवढं शिकवणारी घरं किती असतील? लग्न होऊन त्या खोट्यांच्या श्रीमंत घरात गेल्या. बकुल आणि हरीन असे दोन मुलगे झाले. सगळं कसं दृष्ट लागण्यासारखं. आणि खरोखरच दृष्ट लागली म्हणा. सासरच्या घराची आर्थिक घडी विस्कटली, वैभव गेलं. पदरात दोन लेकरं, आणि घरात पैसा यायला तर हवा.

अशा वेळी १९३१ मध्ये ‘फरेबी जाल’ या चित्रपटात एक छोटं काम आलं. गरज होती, त्यांनी केलं. पण चित्रपट लागला आणि गहजब झाला. लाडांची लेक, खोट्यांची सून सिनेमात! तोंड लपवायची पाळी आली. आपण असतो तर पुन्हा त्या वाटेला गेलो असतो का? मी तरी नसते गेले बाई.

तेव्हाचा काळही समजून घ्यायला हवा. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा तारामतीच्या कामाला बाई मिळाली नाही. शेवटी साळुंके नावाच्या पुरुषाला लुगडं नेसवून उभं करावं लागलं. त्याच वर्षी फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमळाबाई पडद्यावर आल्या, तरी घरंदाज बाईनं सिनेमाची पायरी चढू नये, हा समज काही गेला नाही.

आणि नेमकी तीच तारामती दुर्गाबाईंकडे चालून आली. कोल्हापूरच्या प्रभात कंपनीचे व्ही. शांताराम पहिला मराठी बोलपट काढत होते, ‘अयोध्येचा राजा’. हरिश्चंद्र होते गोविंदराव टेंबे. एकदा पोळलेल्या दुर्गाबाई पुन्हा उभ्या राहिल्या. १९३२ मध्ये मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत बोलपट आला. राजवाडा सोडून दासी झालेली राणी त्यांनी उभी केली. वैभव गेल्यावर काय होतं, हे त्यांना कुणी शिकवायची गरजच नव्हती. ज्यांनी नाकं मुरडली होती, तेच लोक आता कौतुक करू लागले.

मग त्यांनी मागे वळून पाहिलं नाही. त्या काळी नट-नट्या एकाच कंपनीत पगारावर असायच्या. दुर्गाबाईंनी मात्र स्वतःला बांधून घेतलं नाही. कोलकात्याला जाऊन ‘राजरानी मीरा’, ‘सीता’ केले. १९३६ च्या प्रभातच्या ‘अमर ज्योती’त तर त्या समुद्रावर लूटमार करणाऱ्या सौदामिनी झाल्या. स्वतःच्या मुलावर आईचा हक्क नाही म्हणणाऱ्या कायद्याविरुद्ध पेटून उठलेली ती बाई! १९३७ मध्ये ‘साथी’ची निर्मितीही केली. ‘पायाची दासी’त छळवादी सासू आणि ‘भरत मिलाप’मध्ये कैकेयी झाल्या. नायिकाच हवी, हा हट्ट नाही. वय वाढलं तसं आईची, आजीची कामं आनंदानं केली. १९७४ च्या ‘बिदाई’साठी फिल्मफेअर पारितोषिक मिळालं, तेव्हा सत्तरी जवळ आली होती.

दुःखं काही चुकली नाहीत. मुलगा हरीन, म्हणजे विजयाबाई मेहतांचे पहिले पती, तरुणपणीच गेला. तरी काम थांबलं नाही. दूरदर्शनवरची १९८८ ची ‘वागळे की दुनिया’ आपण सगळ्यांनी डोळे लावून पाहिली ना? ती दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सचीच. १९६८ मध्ये पद्मश्री आणि पुढे १९८३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. ज्या फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा सन्मान बोलपटातल्या तारामतीला! २२ सप्टेंबर १९९१ ला त्या गेल्या.

मला त्यांचं मोठेपण पुरस्कारांपेक्षा १९३१ आणि १९३२ च्या मधल्या त्या दिवसांत दिसतं. लोक हसले, तरी त्यांनी काम सोडलं नाही. काम वाईट नसतं, ते मन लावून केलं की बघणाऱ्यांची नजर बदलते, एवढं त्यांनी दाखवून दिलं.

परवा मी त्या सुनेच्या घरी गेले. सासूबाईंशी वाद घातला नाही. चहा घेता घेता दुर्गाबाईंची ही सगळी गोष्ट सांगितली. ‘बॉबी’तल्या आजी त्यांना चांगल्याच आठवत होत्या. ऐकून बराच वेळ गप्प बसल्या. निघताना सुनेला हाक मारून म्हणाल्या, निदान दोन डबे तरी करून बघ. पहिला डबा मी माझ्याच घरी सांगून आले.